रंगाऱ्याला थोडे थांबायला सांगा



चातुर्मासातल्या शोधाच्या स्वयंपाकावर लिहायचे ठरले होते, ते पुढच्या वेळी. आज भांडायचे आहे.

पूर ओसरला की घरात पहिल्यांदा चिखल काढणारे येतात, मग वायरमन येतो आणि तिसरा येतो रंगारी. चिखल काढणाऱ्यांना माझा नमस्कार. वायरमनने तपासल्याशिवाय बटणाला हात लावू नये, हेही मान्य. माझे भांडण तिसऱ्यावरून आहे. तो बिचारा आपणहून येत नाही. आपण त्याला बोलावतो, तेही भिंतीत पिंपभर पाणी असताना, आणि वर म्हणतो, "आता कसं घर घरासारखं दिसायला लागलं!"

सांगली-कोल्हापूरकडच्या बायकांना पूर म्हणजे काय ते सांगायला नको. २००५ झाला, २०१९ झाला, २०२१ झाला. २०१९ च्या ऑगस्टमध्ये सांगलीत आयर्विन पुलापाशी कृष्णेचे पाणी ५७ फुटांच्या वर गेले होते. तिथली धोक्याची पातळी ४५ फूट आहे. गावभाग, मारुती चौक, सांगलवाडी आणि तिकडे शिरोळ तालुक्यातली गावेच्या गावे पाण्यात होती. तळमजल्याच्या भिंती दिवसेंदिवस पाण्यात उभ्या राहिल्या. पाणी उतरेपर्यंत स्वातंत्र्यदिन आला आणि दशलक्षण पर्व सुरू होणार होते ३ सप्टेंबरला. मध्ये उरले जेमतेम तीन आठवडे. त्या तीन आठवड्यांत पुट्टी भरून रंग दिला नाही असे घर माझ्या ओळखीत शोधावे लागले असते. पर्वात घर ओंगळ दिसायला नको, पाहुणे येतील, व्रतवाले पारण्याला येतील. मला हे सगळे कळते. पण भिंतीला दशलक्षण कळत नाही.

आपण बायका वाळवणातल्या माहीतगार. कुरडया, सांडगे, पापड आपण चैत्र-वैशाखात घालतो, श्रावणात घालत नाही. का, हे आपल्याला कुणी पुस्तकातून शिकवलेले नाही. तासगावकडच्या बेदाण्याच्या शेडवर जाऊन विचारा, द्राक्षाचे मणी ऑगस्टात जाळीवर टाकाल का म्हणून. शेडवाला हसेल. कोरडी हवा आहे तोवरच बेदाणा होतो, मध्ये एक अवकाळी पाऊस आला तर माल काळा पडतो. मग हीच आपली माणसे ऑगस्टात, बाहेर रिमझिम चालू असताना, घराच्या खिडक्या सताड उघड्या टाकून म्हणतात, "वारं लागू दे, वाळेल आपोआप." कुरडईला जो न्याय, तो भिंतीला का नाही?

जरा हिशेब मांडते, कंटाळू नका. दहा बाय बाराची, दहा फूट उंचीची खोली घ्या. तिच्यात साधारण ३४ घनमीटर हवा मावते. ऑगस्टात बाहेर २५ अंश तापमान आणि हवेतली आर्द्रता ९० टक्के असेल, तर त्या अख्ख्या खोलीतली हवा आणखी जेमतेम ८० ग्रॅम पाणी उचलू शकते. अर्धा कप चहा म्हणा. एप्रिलच्या दुपारी, ३५ अंश आणि २५ टक्के आर्द्रता असताना, तीच खोली किलोभर पाणी उचलते. खोली तीच, वारा तोच, फरक बारा पटींचा.

आता भिंतीत किती पाणी असते ते बघा. साधी भाजलेली वीट तीन किलोची. आपल्याकडचे विटांचे प्रमाण सांगते की नेहमीच्या विटेने वजनाच्या २० टक्क्यांपर्यंत पाणी प्यावे, त्याहून जास्त नको. म्हणजे एक वीट अर्ध्या लिटरच्या वर पाणी पिऊन बसू शकते. नऊ इंची भिंत, दहा फूट लांब आणि पाच फूट उंचीपर्यंत बुडालेली, तिच्यात ५०० च्या आसपास विटा असतात. प्रत्येकीने ४०० ग्रॅमच प्यायले असे धरले तरी २०० लिटर झाले. डांबराचे लोखंडी पिंप असते ना, तेवढे. हे एका भिंतीचे. खोलीला भिंती चार. अर्धा-अर्धा कप उचलणाऱ्या हवेला तुम्ही चार पिंपे उपसायला लावता, आणि पंधरा दिवसांनी त्यावर पुट्टीचे झाकण घालता.

झाकण घातले की पाणी जाईल कुठे? ते जिकडून वाट मिळेल तिकडून बाहेर येते. येताना विटेतले आणि पुराच्या गाळातले क्षार बरोबर आणते. त्यालाच आपण लोणा लागला म्हणतो. पांढरी बुकटी, मग फुगे, मग पोपडे. आमच्या थोरल्या जाऊबाईंच्या घरी हेच झाले. दशलक्षणाला घर असे लखलखीत की सगळ्यांनी कौतुक केले. दिवाळीच्या फराळाला बसलो तेव्हा बैठकीच्या कोपऱ्यात फुगा आला होता. संक्रांतीला भिंतीचे पापुद्रे फरशीवर पडत होते आणि कपाटामागे काळी बुरशी हाताएवढी. ठेकेदाराने येऊन पाहिले, "वहिनी, तुमची भिंतच खराब आहे," असे सांगितले आणि वॉटरप्रूफ रंगाचे नवे अंदाजपत्रक हातात दिले. ओल्या भिंतीवर पहिला रंग कुणी लावला होता, हे तो विसरला. दुसऱ्यांदा सगळे खरवडले, दुसऱ्यांदा पैसे मोजले. त्या खोलीत त्यांची सासू, म्हणजे माझ्या चुलत सासूबाई, झोपत असत. गुडघ्यांमुळे जिना चढता येत नाही म्हणून खालची खोली त्यांची. त्या हिवाळ्यात त्यांना जो खोकला आणि धाप लागली, ती औषधे बदलूनही हटेना. खोली बदलली, वरच्या मजल्यावर दोघांनी उचलून नेले, तेव्हा कुठे उतार पडला. दम्याच्या माणसाला बुरशी सोसत नाही, हे कुठलाही डॉक्टर सांगेल.

इथे माझा राग कुणावर आहे ते सांगते. तळमजल्यावर दिवसभर कोण असते? स्वयंपाकघर खाली, म्हाताऱ्या माणसांची खोली खाली, शाळेतून आलेली पोरे खाली. पुरुष दुकानात, पेढीवर, शेतावर. ओलीचा वास चोवीस तास घेणार आपण, आणि 'अजून महिनाभर रंग नको, आधी ओल काढूया' असे म्हटले की वरच्या मजल्यावरून उत्तर येणार, "तुला काय कळतंय बांधकामातलं?" बांधकामातले नसेल कळत. वाळवणातले कळते.

तर काय करायचे असते? पाण्याने बिघडलेले घर कोरडे करणे हा जगभर एक स्वतंत्र धंदा आहे. त्याला शिकलेली माणसे लागतात, मोजमाप लागते. अमेरिकेत या कामाचा एक प्रमाणग्रंथ १९९४ पासून आहे, आयआयसीआरसी या संस्थेचा एस-५००. त्यात पाण्याचे तीन वर्ग केले आहेत आणि नदीच्या पुराचे पाणी सर्वांत घाण अशा तिसऱ्या वर्गात टाकले आहे. नळ फुटून साठलेले पाणी वेगळे आणि गटारे, उकिरडे, गोठे धुऊन आलेले पाणी वेगळे. तिसऱ्या वर्गाचे पाणी प्यायलेली गादी, उशी, प्लायवूडचे कपाट वाळवून वापरायचे नसते, टाकायचे असते. मला माहीत आहे, लग्नात आलेली गादी टाकवत नाही. पण उन्हात घातल्याने तिच्या पोटातले गटार जात नाही.

मुंबई-पुण्यात ही सेवा देणारे आता मिळतात. आमच्या घरी २०२१ च्या जुलैत पुन्हा पाणी आले, तेव्हा २०१९ चा धडा जाऊबाईंच्या भिंतीवर लिहिलेला होताच. मी घरात सांगून टाकले की यंत्रे आल्याशिवाय रंगाचा डबा उंबऱ्याच्या आत येणार नाही. आमचे हे दोन दिवस बोलले नाहीत. मग त्यांनीच पुण्याला फोन लावला.

आलेल्या माणसांनी पहिला दिवस नुसता बघण्यात घालवला. गिलाव्यावर बोटाने टकटक करत फिरले. पोकळ वाजला तिथे पाण्याच्या खुणेच्या फूटभर वरपर्यंत काढून टाकला. ओट्याखालचे लाकडी खण काढले. कपाटे भिंतीपासून ओढली. सगळे स्वच्छ धुऊन निर्जंतुक केले. गाळ शिल्लक ठेवून वाळवले तर गाळच भिंतीवर वाळतो, हे आपल्याला भांडी घासताना कळतेच. मग भिंतीच्या पायाशी तिरके पंखे लावले, खोलीच्या मध्यभागी ओल शोषणारे यंत्र ठेवले आणि दारे-खिडक्या घट्ट बंद केल्या. सासूबाई म्हणाल्या, "अगं, कोंडून कसं वाळेल?" अख्ख्या गल्लीने हाच प्रश्न विचारला.

ते असे वाळते. यंत्र म्हणजे एका पेटीत बसवलेला छोटा एसीच. खोलीतली दमट हवा आत ओढते, गार नळ्यांवरून नेते. गार तांब्यावर बाहेरून दंव धरते तसे त्या नळ्यांवर पाणी धरते आणि खालच्या टाकीत पडते. मग तीच हवा गरम नळ्यांवरून जाऊन कोरडी होऊन खोलीत परत येते. कोरडी हवा भिंतीतून पाणी ओढते, पंखा ती भिंतीवरून फिरवतो, यंत्र ते पाणी काढून घेते. खिडकी उघडी ठेवलीत तर तुम्ही कृष्णाकाठचा सगळा पावसाळा वाळवायला घेतलात असे होईल. पहिला दिवस-दोन दिवस, घरातली हवा बाहेरच्याहून दमट आणि कुबट असते तेव्हा, उघडे ठेवणे ठीक. त्यानंतर बंद. आपल्याकडच्या उबदार दमट हवेत अशी गार नळ्यांची यंत्रे छान चालतात. थंड देशांत वेगळ्या जातीची, सिलिका जेलच्या चाकाची यंत्रे वापरतात, त्यांची आपल्याला गरज नाही.

माझ्या वहीत आकडे आहेत. पहिल्या दिवशी खोलीची आर्द्रता ८९ टक्के, चौथ्या दिवशी ५८. पहिले तीन दिवस दोन यंत्रांच्या टाक्यांतून मिळून रोज ३५ ते ४० लिटर पाणी निघाले. मी स्वतः बादल्या ओतल्या म्हणून छातीठोकपणे सांगते. शेजारच्या आजींनी विचारले, हे पाणी गाळून घ्यायचे का, जिवाणी कुठे सोडायची? प्रश्न मनापासूनचा होता, मी हसले नाही. ते पाणी पिण्याचे नव्हेच, संडासात ओतायचे.

बुरशी ओल्या वस्तूवर २४ ते ४८ तासांत धरू लागते, आणि हवेतली आर्द्रता ६० टक्क्यांच्या खाली ठेवली तर तिचे फावत नाही. या दोन आकड्यांवर सगळा खेळ आहे. आर्द्रता दाखवणारे घड्याळासारखे यंत्र काहीशे रुपयांत मिळते. प्रत्येक घरात एक असावे, पूर येवो न येवो. भिंतीची ओल मोजायचे यंत्र वेगळे असते. ते दोन टोचण्यांचे असते किंवा नुसते टेकवायचे असते. एक मात्र लक्षात ठेवा. भिंतीत क्षार असतील तर टोचणीचे यंत्र खऱ्याहून जास्त ओल दाखवते, कारण खारट पाण्यातून वीज चांगली वाहते. म्हणून वरच्या मजल्यावरची कधीच न भिजलेली भिंत आधी मोजायची आणि खालचा आकडा तिच्याशी ताडून पाहायचा.

या व्यावसायिकांची मी जाहिरात करत नाही. त्यांच्यातही लबाड आहेत. यंत्र दोन दिवस फिरवायचे, सुवासिक फवारा मारायचा आणि 'झालं, ताई' म्हणून बिल द्यायचे, असेही एका मैत्रिणीकडे झाले. म्हणून अट घाला. रोजची आर्द्रता, तापमान आणि भिंतीवर खडूने खूण केलेल्या चार जागांची ओल लिहून द्यायची. आकडे नाहीत तर पैसे नाहीत. विमा असेल तर हीच वही पुढे सर्व्हेअरला दाखवायला उपयोगी पडते.

आणि यंत्राने भिंत पूर्ण वाळते असा गैरसमजही नको. दहा-बारा दिवसांत खोलीची हवा, वरचा थर, फर्निचर सुधारते आणि बुरशीचा धोका टळतो. नऊ इंची विटेच्या पोटातली ओल निघायला महिने लागतात. जुने बांधकामवाले इंचाला महिना धरतात. म्हणजे पुट्टी आणि तेलकट रंग पुढच्या उन्हाळ्यानंतरच. "मग पर्वात काय, भिंती अशाच?" अशा का? चुना द्या! आपल्या आज्या काय करत होत्या? चुन्याची सफेदी भिंतीचा श्वास कोंडत नाही, ओल बाहेर येऊ देते आणि बुरशीला तिचा दाह सोसत नाही. घर पांढरेशुभ्र दिसते, शिवाय स्वस्त. पण चुना म्हटले की आपली नाके मुरडतात, कारण समोरच्यांनी प्लास्टिक पेंट दिलेला असतो.

गावाकडे पांढऱ्या मातीच्या भिंतींचे वाडे आहेत. तिथे घाई करू नका. मातीची भिंत झपाट्याने वाळवली तर तडकते. तिथे यंत्र मंद, पंखे लांब आणि आधी जाणत्या गवंड्याकडून भिंत उभी राहील ना ते पाहून घ्यायचे. आणि बंद खोलीत कोळशाची शेगडी पेटवून ओल घालवायचा उद्योग कुणीही, कधीही करू नये. तिच्या धुराने माणसे झोपेत दगावतात.

आता सगळ्यांत नाजूक मुद्दा. आमच्या स्वाध्यायात एका जाणत्या गृहस्थांनी भर सभेत सांगितले की अशा यंत्रांत जलकायिक आणि वायुकायिक जीवांची हिंसा होते, श्रावकाने निसर्गाला त्याच्या गतीने वाळवू द्यावे. डोक्यावर चार पंखे गरगरत होते. कुणी काही बोलले नाही, मोठ्या माणसापुढे बोलत नाहीत. इथे बोलते.

भिंतीवरची बुरशी म्हणजे काय? आपल्या शास्त्राप्रमाणे साधारण वनस्पती, एका शरीरात अनंत जीव. याच भयाने आपण पावसाळ्यात पिठाची मर्यादा तीन दिवसांची धरतो, उन्हाळ्यात पाच, थंडीत सात. पीठ का फेकतो? जीव उपजू नयेत म्हणून. डबा कोरडा का ठेवतो, ओला चमचा का घालू देत नाही? जीव उपजण्याआधीच काळजी घ्यायची, हाच तर यत्नाचार. मग चारशे चौरस फुटांच्या ओल्या भिंतीला तो लागू नाही का? 'निसर्गाच्या गतीने' म्हणजे काय होते ते मी पाहिले आहे. आठ दिवसांत भिंत हिरवी, पंधरा दिवसांत काळी, फळीखाली कसर आणि झुरळे. आणि मग? मग तेच गृहस्थ ब्लीचिंगचा डबा आणून सगळे घासायला लावतात. घासणार कोण, तर घरातली बाई. उपजू दिले आणि मग मारले. यंत्र चालवण्यात हिंसा नाही असे मी म्हणत नाही. संसारात चूल पेटवण्यातही आहे, ती आरंभी हिंसा, श्रावकाला पूर्ण टळत नाही, म्हणून तर रोज आलोचना. पण तत्त्वार्थसूत्राने हिंसेच्या व्याख्येतच प्रमाद घातला आहे. दोन दिवसांत करायचे काम माहीत असून महिनाभर न करणे, हा प्रमाद नाही तर काय? पंख्याखाली बसून दुसऱ्याच्या घरातल्या यंत्राची हिंसा मोजणे सोपे असते. आचार्यांनी किंवा आर्यिका माताजींनी मला यात चुकीचे ठरवले तर मी हात जोडून ऐकेन. पण ओलीत न झोपणाऱ्यांचे ऐकणार नाही.

ग्रंथांचेही सांगायला हवे, कारण पुरात मंदिरातल्या आणि घराघरांतल्या कपाटांतली किती जिनवाणी भिजली ते आपण पाहिले. भिजलेले ग्रंथ कडक उन्हात पसरू नका, पाने वाकडी होतात, शाई उडते. थोडे असतील तर सावलीत, पंख्याखाली, उभे अर्धवट उघडून, मध्ये कोरे टीपकागद घालून वाळवायचे. खूप असतील आणि दोन दिवसांत आटोपणार नसतील, तर ते गोठवतात. जगभरची ग्रंथालये हेच करतात. गोठले की बुरशी थांबते, मग सवडीने थोडे थोडे काढून वाळवता येतात. गुळगुळीत कागदाची चित्रमय पुस्तके तर लगेच न गोठवल्यास पानाला पान चिकटून वीट होते. सांगली-तासगावात बेदाण्याची एवढी शीतगृहे आहेत. एखाद्या शीतगृहवाल्या श्रावकाला आधीच विचारून ठेवायला हवे, ग्रंथ गोठतील इतका थंड कप्पा तुमच्याकडे आहे का आणि वेळ आली तर देणार का. पूर आल्यावर विचारायला वेळ नसतो.

पैशाचे म्हणाल तर, ५०० वॅटचे यंत्र रात्रंदिवस चालले तर दिवसाला १२ युनिट. युनिटला दहा रुपये धरा, १२० रुपये झाले. आमच्या दोन यंत्रांचे बारा दिवसांचे भाडे, माणसांची मजुरी आणि वीज मिळून जे झाले ते जाऊबाईंच्या एका रंगकामापेक्षा कमी होते, आणि त्यांनी रंगकाम दोनदा केले. तरीही प्रत्येक घराला हे झेपेल असे मी म्हणत नाही. ज्यांच्या घरात पाणी पहिल्यांदा शिरते त्यांच्याकडेच पैसे सर्वांत कमी असतात.

म्हणून मंडळांना उद्देशून लिहिते. पुरानंतर आपला समाज भरभरून देतो. धान्याची किट, साड्या, भांडी, चादरी. २०१९ मध्ये एकेका घरात पाच-पाच चादरी आल्या आणि त्या ठेवायला कोरडी जागा नव्हती! कोरडी हवा कुणी दिली नाही. प्रत्येक गावच्या महिला मंडळाने चार यंत्रे, आठ पंखे, ओल मोजायचे एक यंत्र आणि जाडसर वायरच्या दोन लांब गुंडाळ्या घ्याव्यात, असे माझे म्हणणे आहे. एका वर्षी फराळाच्या स्टॉलचे आणि एका बोलीचे पैसे इकडे वळवले तर होईल. यादी करायची, ज्या घरात म्हातारे माणूस, तान्हे मूल किंवा दम्याचे कुणी आहे तिथे आधी. जैन घर संपले की शेजारच्या घरात, जात-धर्म न विचारता. पाणी आत येताना विचारून आले नव्हते. दोन मुलींना मोजमाप शिकवायचे. हे काम शिकायला पदवी लागत नाही, चिकाटी लागते, आणि रोज आकडे लिहायची सवय. ज्यांच्याकडे यंत्र पोचणार नाही त्यांनी घरातला एसी 'ड्राय'वर टाकून खोली बंद करावी, तेही पुष्कळ काम करते.

यंत्रे मंदिराच्या तळघरात ठेवू नका, हेही लिहून ठेवते, कारण जागा मागितली की तीच मिळते. पहिल्या मजल्यावर ठेवा. किल्ली दोघींकडे असू द्या, एक गावात आणि एक उंचावरच्या भागात राहणारी. वर्षातून एकदा, मेच्या अखेरीस, जाळी धुऊन प्रत्येक यंत्र तासभर चालवून बघा आणि टाकीत पाणी जमते का ते तपासा. आमच्या मंडळाची याबाबतची बैठक येत्या चतुर्दशीला दुपारी तीनला आहे. जाऊबाई येणार आहेत, पोपड्यांचे फोटो घेऊन.